३ ऑक्टोबर १८६५चे काय? : माझ्या स्पॅनिशच्या बाईंना आभारपत्र

आदरणीय बाई यांस,

सादर नमस्कार.

गेल्या वर्षी दिवाळी अंकासाठी मी मेक्सिकोचा सम्राट मॅक्सिमिलियन आणि सम्राज्ञी कार्लोता यांच्यावर एक लेख लिहिला होता आणि संपादकांकडे देण्यापूर्वी तो तुमच्याकडे वाचायला पाठवला होता. दोन दिवसांनी कागद परत आले तेव्हा सतरा पानांत पेन्सिलीची एकच खूण होती. शेवटून दुसऱ्या पानाच्या समासात तुमच्या बारीक अक्षरात लिहिले होते, ‘३ ऑक्टोबर १८६५चे काय?’ मला त्या तारखेचा पत्ताच नव्हता. त्या एका प्रश्नापासून पुढे वर्षभर तुम्ही मला जे दिले, त्याबद्दलचे आभार केवळ फोनवर मानून भागणार नाही, म्हणून हे पत्र सर्वांसमक्ष लिहीत आहे.

माझा लेख म्हणजे एका देखण्या, भोळ्या राजपुत्राची करुण कहाणी होती. ऑस्ट्रियाच्या सम्राटाचा धाकटा भाऊ, त्रिएस्तजवळच्या मीरामारे किल्ल्यात समुद्राकडे पाहत बसलेला. फ्रान्सचा सम्राट तिसरा नेपोलियन याच्या आश्वासनांवर विसंबून १० एप्रिल १८६४ रोजी त्याने परक्या देशाचा मुकुट स्वीकारला आणि १९ जून १८६७ रोजी केरेतारोच्या टेकडीवर मिरामोन आणि मेहिया या आपल्या दोन सेनापतींसह तो गोळ्यांना सामोरा गेला. यातले काहीच खोटे नव्हते. पण ज्या पुस्तकांवर मी विसंबले होते, त्यांतले मुख्य पुस्तक काउंटेस पाउला कोलोनित्स हिच्या प्रवासवर्णनाचे होते. ती कार्लोताच्या दिमतीला ‘नोव्हारा’ जहाजावरून मेक्सिकोला गेली आणि सुमारे सहा महिन्यांत परतली. तुम्ही मला एवढेच विचारले, ‘ती परत कधी आली?’ तेव्हा माझ्या लक्षात आले की तिने फक्त तोरणे आणि स्वागताच्या कमानी पाहिल्या होत्या. ३ ऑक्टोबर १८६५ला मॅक्सिमिलियनने जे फर्मान काढले, त्या वेळी ती तिथे नव्हतीच.

ते फर्मान तुम्ही मला ओळ न् ओळ वाचून दाखवलेत. सशस्त्र टोळीत सापडलेल्या माणसाला लष्करी न्यायालयापुढे उभे करावे आणि दोषी ठरल्यास चोवीस तासांत ठार करावे, असा त्याचा आशय होता. त्याच महिन्याच्या २१ तारखेला उरुआपान येथे आर्तेआगा आणि सालासार या, सम्राटाविरुद्ध लढणाऱ्या प्रजासत्ताकाच्या सेनापतींना गोळ्या घालण्यात आल्या. व्हिक्टर ह्युगो आणि गारिबाल्दी यांच्यासारख्यांनी रदबदली करूनही प्रजासत्ताकाचा अध्यक्ष बेनितो हुआरेझ याने सम्राटाला क्षमा का केली नाही, हे मला त्या संध्याकाळी प्रथम कळले. तोवर माझ्या लेखातला हुआरेझ हा केवळ एक कठोर, अबोल माणूस होता.

मग मी दुसऱ्या टोकाला गेले आणि सम्राटाला दुष्ट ठरवून मोकळी झाले. तेव्हाही तुम्हीच मला थांबवलेत. १८६५चा मजुरांविषयीचा कायदा तुम्ही पुढे ठेवला, ज्यात शारीरिक शिक्षेला बंदी होती, कामाच्या तासांना मर्यादा होती आणि मालकाच्या कर्जात पिढ्यान् पिढ्या अडकलेल्या माणसाला काही संरक्षण होते. ‘पेओन’ या शब्दाला मी ‘शेतमजूर’ लिहिले होते, ते खोडून तुम्ही म्हणालात, ‘उचल घेऊन बांधला गेलेला सालगडी म्हण, म्हणजे आपल्याकडच्या वाचकाला कळेल.’ काही फर्माने स्पॅनिशबरोबर नाहुआत्ल या तिथल्या मूळ रहिवाशांच्या भाषेतही छापली जात होती, हेही तुमच्याकडूनच समजले. ज्याने हा कायदा केला त्यानेच ते काळे फर्मान काढले, त्याच वर्षात. दोन्ही गोष्टी लेखात आल्या पाहिजेत आणि एकीने दुसरी झाकता कामा नये, असा तुमचा आग्रह होता.

त्यानंतर तुम्ही पुस्तकांचा क्रमच लावून दिला. आधी प्रत्यक्ष पाहणारे, मग दप्तर चाळणारे आणि अगदी शेवटी कादंबरीकार. सम्राटाचा डॉक्टर सॅम्युअल बाश केरेतारोच्या वेढ्यात आणि कैदेत त्याच्याजवळ होता. पुढे रक्तदाब मोजण्याचे उपकरण बनवणारा बाश तो हाच, हे ऐकून त्याच्या आठवणी मी अधिक विश्वासाने वाचल्या. चिटणीस होसे लुइस ब्लासिओ तरुण वयात सारे पाहून गेला, पण त्याने लिहिले ते जवळजवळ चाळीस वर्षांनी, १९०५ मध्ये. म्हणून त्याच्या प्रत्येक संवादापाशी तुम्ही मला थबकायला लावलेत. इतक्या वर्षांनी शब्दन् शब्द कसा आठवेल, हा तुमचा प्रश्न रास्त होता. इतिहासकार कोर्तीने १९२४ मध्ये व्हिएन्नाच्या दप्तरखान्यातले सम्राटाचे खासगी कागद वापरून लिहिले, पण ते कागदही अखेर राजघराण्याचेच.

इतुर्बिदे घराण्याचे प्रकरण मात्र आपण मुद्दाम सावकाश वाचले. १८२२ मध्ये मुकुट घालून वर्षभरात पदत्याग करावा लागलेल्या आणि १८२४ मध्ये गोळ्या घातल्या गेलेल्या मेक्सिकोच्या पहिल्या सम्राटाचा, इतुर्बिदेचा, नातू, अडीच वर्षांचा आगुस्तीन, निपुत्रिक मॅक्सिमिलियनने कुटुंबाशी करार करून राजवाड्यात आणला. त्याची अमेरिकन आई अ‍ॅलिस ग्रीन काही दिवसांतच मूल परत मागू लागली, तर तिलाच देशाबाहेर पाठवण्यात आले. बहुतेक ग्रंथांत हे दोन परिच्छेदांत आटोपते. सी. एम. मेयो यांनी त्यावर २००९ मध्ये पूर्ण कादंबरी लिहिली, ती तुम्हीच मला मिळवून दिलीत. साम्राज्य कोसळण्यापूर्वी मूल आईला परत मिळाले, हे वाचताना तुमचा आवाज भरून आला होता.

फेर्नांदो देल पासो यांची १९८७ची प्रचंड कादंबरी तुम्ही शेवटी हाती दिलीत. बेल्जियममधल्या बूशू किल्ल्यात १९२७ साली, पतीनंतर साठ वर्षांनी, वेडाच्या भरात बोलत राहिलेली कार्लोता तिच्यात आहे. ती आधी वाचली असती तर मी पुन्हा भुलून गेले असते. साक्षीदार वाचून झाल्यावर वाचली, म्हणून लेखकाने कुठे कल्पना केली आणि कुठे कागदाला धरून राहिला, हे पानोपानी दिसत गेले.

लेख यंदा नव्याने लिहून झाला आहे. तो सतराऐवजी एकतीस पानांचा झाला आणि ३ ऑक्टोबर त्याच्या मधोमध आहे. तुमच्या ब्लासिओचे खाकी वेष्टन जसेच्या तसे आहे आणि कार्लोता रोमला पोपकडे आश्रय मागते, त्या प्रकरणात तुम्ही ठेवलेली बसच्या तिकिटाची खूणही मी हलवलेली नाही. येत्या रविवारी पुस्तक आणि लेख दोन्ही घेऊन येत आहे. पेन्सिल तयार ठेवावी, ही विनंती.

तुमची कृतज्ञ विद्यार्थिनी