कन्फ्युशियस म्हणजे निव्वळ आज्ञापालन नव्हे

महोदय,

प्राचीन चिनी तत्त्वज्ञ कन्फ्युशियस म्हटला की आपल्याला ‘थोरामोठ्यांचे ऐका’ एवढेच आठवते. पण राजा चुकला तर त्याला तोंडावर सांगणे, हेही त्याच्या शिकवणीत मंत्र्याचे कर्तव्यच. १६व्या शतकात हाय रुई या अधिकाऱ्याने आधी स्वतःसाठी शवपेटी विकत घेतली आणि मग चीनच्या मिंग घराण्यातील सम्राटाला खरमरीत निवेदन धाडले. रवानगी तुरुंगात झाली. सम्राट वारला म्हणून बिचारा सुटला! अशी माणसे कन्फ्युशियसचे ग्रंथ घोकून, राजसेवेच्या परीक्षा देत वर येत. सुमारे तेराशे वर्षे चाललेली ही परीक्षा १९०५ मध्ये रद्द झाली. बायकांना मात्र तिचे दार बंदच होते. त्याबद्दल खुद्द हाय रुईनेही कधी तक्रार केल्याचे वाचनात नाही.

– एक वाचक, पुणे