‘अखेर’ हा शब्द खटकला

मा. संपादक,
स. न.

गेल्या रविवारच्या पुरवणीत ‘द हंगर गेम्स’ या कादंबरीच्या लेखिका सुझन कॉलिन्स यांच्यावरचा लेख वाचला. मुलांसाठी लिहिणाऱ्या लेखिकेला तुम्ही अर्धं पान दिलंत याचा आनंद वाटला. पण एका वाक्याशी अडले : ‘काही वर्षं लहान मुलांच्या मालिका लिहिल्यावर अखेर त्या साहित्याकडे वळल्या.’ बाईंची पंधराएक वर्षं या एका ओळीत निकालात निघाली! मी स्वतः काही काळ मालिकांचे संवाद लिहून घर चालवलं आहे. त्यामुळे तो ‘अखेर’ मला जरा जास्तच लागला असेल, हे आधीच कबूल करते.

मुळात त्या वळल्याच नाहीत. १९९१ मध्ये त्या मुलांच्या टीव्हीसाठी लिहू लागल्या. ‘क्लॅरिसा एक्स्प्लेन्स इट ऑल’ थोड्या मोठ्या मुलांसाठी, तर ‘लिटल बेअर’ आणि निळ्या ऑक्टोपसची ‘ओस्वाल्ड’ अगदी बालवाडीच्या वयासाठी. अशाच एका मालिकेच्या कामात त्यांना जेम्स प्रोइमॉस हे बालपुस्तकांचे लेखक-चित्रकार भेटले आणि पुस्तक लिहा म्हणून मागे लागले. ‘ग्रेगॉर द ओव्हरलँडर’ ही पहिली कादंबरी २००३ साली आली. त्याच वर्षी ‘क्लिफर्ड्स पपी डेज’ ही लाल कुत्र्याच्या पिल्लाची मालिका सुरू झाली आणि तिच्या प्रमुख लेखिका कॉलिन्सच होत्या. म्हणजे सकाळी ते पिल्लू आणि संध्याकाळी ‘ग्रेगॉर’मधली, न्यूयॉर्कच्या पोटातली अवाढव्य झुरळं, असा तो काळ असणार. (सकाळ-संध्याकाळ ही माझी कल्पना, एकाच वेळी दोन कामं करणाऱ्याचे दिवस कसे जातात ते मला ठाऊक आहे.)

त्या झुरळांपाशी जरा थांबते. अकरा वर्षांचा ग्रेगॉर इमारतीच्या कपडे धुण्याच्या खोलीतल्या जाळीतून पाताळात पडतो, तो दोन वर्षांच्या बहिणीच्या, बूट्सच्या मागे. समोर भलंथोरलं झुरळ उभं राहतं. त्याची पाचावर धारण बसते आणि बूट्सला मात्र मोठा किडा बघून आनंदाचं भरतं येतं. पुढे झुरळांचा त्या पोरीवर जीव जडतो आणि तेच दोघांच्या कामी येतं. दोन वर्षांचं मूल कशाला भितं आणि कशाला अजिबात भीत नाही, हे ज्या बाईनं त्याच वयाच्या प्रेक्षकांसाठी वर्षानुवर्षं भाग लिहिले तिला वेगळं शोधावं लागलं नसणार.

आता ज्या पुस्तकामुळे तुम्ही लेख छापलात ते ‘द हंगर गेम्स’. टीव्हीवर दाखवल्या जाणाऱ्या जीवघेण्या खेळासाठी मुलांची नावं चिठ्ठ्या टाकून काढतात, त्याची ही गोष्ट. घरात प्रत असेल तर प्रकरणं मोजून बघा. तीन भाग, प्रत्येकात नऊ प्रकरणं, एकूण सत्तावीस. पुढच्या दोन्ही पुस्तकांत हाच हिशेब. आमच्या धंद्यात याला कोणी प्रतिभा म्हणणार नाही, बांधणी म्हणतील. पहिलं प्रकरण कुठे संपतं? चिठ्ठी उचलली जाते, नाव वाचलं जातं आणि ते नायिका कॅटनिसचं नसतं, तिच्या धाकट्या बहिणीचं असतं. तिथे कट. हा शुद्ध ब्रेक पॉइंट, म्हणजे जाहिरातींआधी प्रेक्षकाला लटकत ठेवायची जागा. पण खरी कमाल दुसऱ्या प्रकरणाच्या सुरुवातीला आहे. आपण श्वास रोखून पान उलटतो आणि लेखिका कॅटनिसच्या तोंडून सांगते काय, तर एकदा शिकारीची वाट पाहत झाडावर बसले असता डुलकी लागली, खाली पाठीवर आदळले आणि श्वासच घेता येईना. ब्रेकनंतर लगेच रडारड दाखवायची नाही, हे मालिकेत शिकता येतं. तो वेळ अशा आठवणीनं भरायचा हे कादंबरीकारालाच सुचतं.

आणि ते सूप. खेळातला जोडीदार पीटा जखमी होतो, त्याचं कॅटनिस चुंबन घेते आणि आकाशातून पॅराशूटला बांधलेलं गरम सूप उतरतं. मार्गदर्शक हेमिचचा निरोप तिला न सांगता कळतो : प्रेक्षकांना प्रेमकथा हवी आहे, ती द्या, खायला मिळेल. प्रेक्षकांसाठी लाडीगोडी करण्याची लाज आणि गरज इतक्या थोडक्यात मी दुसरीकडे वाचलेली नाही. मलाही कधी काळी नायिकेला आणखी दोन भाग रडवा म्हणून फोन यायचे, म्हणून कदाचित मी तो प्रसंग तीनदा वाचला.

कल्पना सुचली तीही टीव्हीसमोरच. चॅनेल बदलताना एकीकडे तरुणांची स्पर्धा दाखवणारा रिअ‍ॅलिटी शो आणि दुसरीकडे इराक युद्धाची दृश्यं, दोन्ही एकमेकांत मिसळू लागली, असं त्यांनीच सांगितलं आहे. त्याखाली थिसियस आणि मिनोटॉरची, म्हणजे राक्षसाला बळी म्हणून पाठवलेल्या मुलांची, ग्रीक कथा होतीच. तुमच्या लेखात ग्रीक कथा आली, चॅनेल बदलणं गळलं.

टीव्हीच्या सवयींची किंमतही मोजावी लागते, हे मान्य. दर प्रकरणाला शेवटी धक्का द्यायचा म्हटलं की तिसऱ्या पुस्तकापर्यंत वाचकाला धक्क्याचा अंदाज येऊ लागतो. मला तरी आला. तुमच्या लेखकानं यावर लिहिलं असतं तर आवडलं असतं.

शेवटी एक पुस्तक, ज्याचा लेखात उल्लेखही नाही. कॉलिन्स यांचे वडील हवाई दलात होते आणि त्या सहा वर्षांच्या असताना व्हिएतनामला गेले. त्या वर्षावर त्यांनी २०१३ मध्ये ‘इयर ऑफ द जंगल’ हे चित्रांचं पुस्तक लिहिलं. वडिलांची पोस्टकार्डं येतात आणि जंगल म्हणजे नक्की काय, हे मुलगी आपल्या परीनं लावत राहते. ‘हंगर गेम्स’ची तीन पुस्तकं आणि पहिला चित्रपट झाल्यावर, साऱ्या जगानं डोक्यावर घेतल्यावर, बाई पुन्हा ‘ओस्वाल्ड’ बघणाऱ्या वयाच्या मुलांसाठी लिहायला बसल्या. चित्रं त्याच प्रोइमॉस यांची. आता यालाही ‘वळल्या’ म्हणायचं असेल, तर कुठून कुठे ते कळवावं.

आपली,
एक जुनी संवादलेखिका