संरक्षणमंत्र्यांना खुले पत्र: ऑपरेशन पवनची कागदपत्रे उघडा

माननीय संरक्षणमंत्री यांस,
स. न. वि. वि.

आपल्याच मंत्रालयाने जून 2021 मध्ये धोरण जाहीर केले की, 25 वर्षांनंतर मोहिमांच्या नोंदी सर्वसाधारणपणे खुल्या व्हाव्यात. ऑपरेशन पवन ही श्रीलंकेत गेलेल्या भारतीय शांतिसेनेची लिट्टे या सशस्त्र तमिळ संघटनेविरुद्धची मोहीम. त्या सेनेची शेवटची तुकडी 24 मार्च 1990 रोजी श्रीलंकेतून निघाली. म्हणजे मुदत 2015 सालीच उलटली. मग कुलूप कुणासाठी?

11 ऑक्टोबर 1987 ची रात्र घ्या. जाफना विद्यापीठात हेलिकॉप्टरने माणसे उतरवून लिट्टेचे नेतृत्व पकडायचे होते. लिट्टेने आपले बिनतारी संदेश आधीच ऐकले होते, ते दबा धरून बसले होते. एमआय-8 हेलिकॉप्टरांना गोळ्या लागल्या, पुढच्या फेऱ्या थांबल्या. 13 शीख लाइट इन्फन्ट्रीचे 30 जवान तिथेच अडकले. दारूगोळा संपल्यावर ते संगिनी घेऊन धावले. 29 मारले गेले, एक कैद झाला. दुसरी फेरी पोहोचलीच नाही तर पहिलीचे काय, हे कुणी तपासले होते? ज्या सहीने ही कारवाई मंजूर झाली, तो कागद आम्हाला पाहायचा आहे.

हत्यारांचेही तेच. आपल्या हातात एसएलआर रायफल, एका दाबाला एक गोळी, मॅगझिन 20 चे. समोर एके-47, मॅगझिन 30 चे आणि सलग मारा. गल्लीबोळांत आणि ताडांच्या बागांत, हाकेच्या अंतरावर, हा फरक थेट जीव घेतो. मोऱ्यांखाली सुरुंग पेरलेले असत. गाड्यांचा ताफा रस्त्याने गेला की स्फोट. रस्ता सोडून पायी चालायचे, पुढे सुरुंगशोधक ठेवायचे, हे जवान माणसे गमावून शिकले. हे आधी शिकवणे नेतृत्वाचे काम होते. शांतता राखायला म्हणून पाठवलेल्या सैन्याला अचानक लढाईचा हुकूम मिळाला, तोही ज्यांना आपल्याच गुप्तचर यंत्रणेने प्रशिक्षण दिले होते त्यांच्याविरुद्ध!

पुढे श्रीलंकेच्या राष्ट्राध्यक्ष प्रेमदासांच्या सरकारने त्याच लिट्टेला शस्त्रे दिली आणि आपल्याला निघा म्हटले. सुमारे 1,200 जवान गेले. मद्रासला परतलेल्यांच्या स्वागताला तमिळनाडूचे मुख्यमंत्री आले नाहीत. दिल्लीत या निर्णयांची जबाबदारी कुणावर ठेवली गेली?

चीनकडून 1962 मध्ये झालेल्या पराभवावरचा लष्कराचा हेंडरसन ब्रुक्स चौकशी अहवालही 1963 पासून असाच दडपलेला आहे. सरकारे बदलतात, दडपण्याची सवय बदलत नाही. पराभवाचे कागद लपवले की पुढच्या तुकडीलाही तेच नकाशे, तेच अपुरे आदेश मिळतात, आणि मरतो तो शिपाई.

ऑपरेशन पवनच्या युद्ध-डायऱ्या, आदेश आणि चौकशी अहवाल राष्ट्रीय अभिलेखागारात पाठवा. तारीख लेखी कळवा.

आपला,
एक निवृत्त पायदळ अधिकारी