बागेत जाण्यापूर्वी: माकडतापाविषयी

चि. समीर यास,
अनेक आशीर्वाद.

यंदा काजूच्या हंगामात बाग स्वतः सांभाळण्याचा तुझा निश्चय कळला आणि आम्हा दोघांना फार आनंद झाला. मात्र आपल्या दोडामार्ग तालुक्यात जानेवारी ते मे या काळात रानात वावरणाऱ्याने माकडतापाचे भान ठेवलेच पाहिजे, म्हणून हे सविस्तर लिहीत आहे.

1957 मध्ये कर्नाटकातील शिमोगा जिल्ह्यात, क्यासनूरच्या जंगलात माकडे मरू लागली आणि आसपासची माणसेही तापाने आजारी पडली, तेव्हा हा रोग प्रथम ओळखला गेला. पुण्याच्या विषाणू संशोधन केंद्राने त्याचा विषाणू शोधून काढला. 2015 मध्ये गोव्याच्या सत्तरीत आणि 2016 मध्ये आपल्या तालुक्यात त्याची साथ आली. तो मुख्यतः गोचिडीच्या चाव्यातून होतो, एका माणसाकडून दुसऱ्याला होत नाही.

गुरांच्या अंगावरची टपोरी गोचीड आपण ओळखतो, पण माणसाला चावते ती बहुधा तिची तिळाएवढी पिल्ले, आणि चावा दुखत नसल्यामुळे ती लक्षातही येत नाहीत. पावसाळा सरल्यावर ही पिल्ले पातेऱ्यात, म्हणजे गळून पडलेल्या सुक्या पानांत वाढतात, आणि नेमके त्याच दिवसांत आपण पातेरा गोळा करतो, झाडाखाली वाकून काजू वेचतो आणि दुपारी तिथेच पाल्यावर बसून जेवतो. गोठ्यात गुरांखाली पातेरा पसरण्याची आपली रीत मला आता मुळीच पसंत नाही, कारण रानातल्या गोचिडी त्यामुळे आपल्याच हातांनी घरापर्यंत येतात. यंदा गोठ्यात भाताचा पेंढाच वापर.

बागेत जाताना पूर्ण बाह्यांचा सदरा घाल, विजारीची टोके मोज्यांत खोच आणि आरोग्य केंद्रात मिळणारे गोचीड दूर ठेवणारे तेल हातापायांना लाव. घरी आल्यावर कपडे गरम पाण्यात टाकून साबणाने आंघोळ कर. काखा, जांघा, कानांमागची जागा नीट तपास. गोचीड चिकटलेली आढळली तर तिला काडीने चटका देऊ नकोस वा बोटांनी चिरडू नकोस. चिमट्याने त्वचेलगत धरून सरळ वर ओढ आणि ती जागा साबणाने धू.

रानात माकड मेलेले दिसले तर त्याच्याजवळही जाऊ नकोस. त्याच्या अंगावरच्या गोचिडी तेव्हा भोवती पसरलेल्या असतात. वन खात्याला आणि आरोग्य केंद्राला त्याच दिवशी कळव, कारण पुष्कळदा साथीची पहिली खूण तीच असते.

चावल्यानंतर साधारण तीन ते आठ दिवसांत एकाएकी मोठा ताप, कपाळात तीव्र वेदना आणि अंग मोडून येणे सुरू होते. काहींना रक्तस्राव होतो, तर काहींचा ताप उतरून पुन्हा उलटतो आणि मेंदूवर परिणाम होतो. या रोगावर खास औषध नाही, पण वेळेवर रुग्णालयात नेल्यास बहुतेक रुग्ण बरे होतात. दुकानातून वेदनाशामक गोळ्या आणून घेऊ नकोस, आणि आपण काजूच्या बागेत काम करतो हे डॉक्टरांना न विसरता सांग.

हे सारे आपल्याकडे वेचणीला येणाऱ्या बायकांनाही समजावून सांग. मजुरी बुडेल म्हणून त्या ताप अंगावर काढतात, तेव्हा तपासणीला जाण्याच्या दिवसाची मजुरी आपण द्यावी, असे माझे स्पष्ट मत आहे.

तुझा,
बाबा