केविनच्या आईकडे बघायला सांगणाऱ्या सरांना अनावृत पत्र

आदरणीय सर,

सादर प्रणाम.

नाताळच्या सुटीत घडणाऱ्या जुन्या कौटुंबिक विनोदी चित्रपटांवरील लेखात मी अडकून पडलो होतो, तेव्हा आपण माझा कच्चा मसुदा वाचून समासात एवढेच लिहिले होते: ‘केविनकडे नको, त्याच्या आईकडे बघ.’ लेख पूर्ण झाला, आभार मात्र राहून गेले.

कुटुंब पॅरिसला जाताना चुकून घरी एकटाच राहून गेलेल्या केविनचा ‘होम अलोन’ (१९९०) मी आजवर घरात शिरू पाहणाऱ्या चोरांच्या फजितीसाठीच पाहत आलो होतो. आपल्या सांगण्यावरून तो नव्याने पाहिला, तेव्हा ध्यानात आले की हातावर डाग उमटवणारी दाराची तापलेली मूठ, डोक्यावर आदळणारे रंगाचे डबे हा सगळा धिंगाणा शेवटच्या भागातच आहे. त्याआधीचा बराचसा वेळ पॅरिसहून परतण्यासाठी जिवाचे रान करणाऱ्या आईने आणि स्वतःच्या मुलाशी अबोला झालेल्या शेजारच्या म्हाताऱ्या मार्लीने व्यापला आहे. जॉन ह्यूज यांच्या पटकथेत हा म्हातारा नव्हता, दिग्दर्शक ख्रिस कोलंबस यांनी तो आणला, हेही मला आपल्याकडूनच कळले. चर्चमध्ये केविन आणि मार्ली शेजारी बसून बोलतात तो प्रसंग वगळून पाहिला, तर उरतो तो निव्वळ मारामारीचा खेळ, आणि तो दरवर्षी पुन्हा कोण पाहील?

मसुद्यातले एक विधान आपण सरळ खोडले होते. तिकीटबारीवरचे यशच चित्रपटाला टिकवते, असे मी ठामपणे लिहिले होते. त्यावर आपण ‘अ ख्रिसमस स्टोरी’चा (१९८३) दाखला दिला: चित्रपटगृहांत बेताचाच चाललेला हा चित्रपट दूरचित्रवाणीमुळे घरोघरी पोहोचला आणि १९९७ पासून नाताळात सलग २४ तास दाखवला जाऊ लागला. ‘इट्स अ वंडरफुल लाइफ’चे (१९४६) तर स्वामित्वहक्काचे नूतनीकरणच वेळेत झाले नाही, म्हणून १९७४ नंतर वाहिन्यांनी तो हक्काचे पैसे न मोजता मनसोक्त दाखवला. (‘होम अलोन’मधले कुटुंब पॅरिसमध्ये टीव्हीवर तोच चित्रपट फ्रेंचमध्ये पाहत असते, हे माझ्या नजरेतून कितीदा निसटले होते!)

एका बाबतीत मात्र आपले अजून जुळत नाही. ‘ख्रिसमस व्हेकेशन’ (१९८९) आपल्याला या सर्वांहून सरस वाटतो. मला त्यातला पाहुण्यांचा गोंधळ ताणल्यासारखा वाटतो. तरीही माळ्यावर चुकून कोंडला गेलेला बाप थंडीसाठी सापडतील ते बायकी कपडे अंगावर चढवतो आणि आपल्या बालपणीच्या घरगुती चित्रफिती पाहत हळवा होतो, त्या प्रसंगापुरती मी हार मानतो.

छापील लेखासोबत आपल्या शेऱ्यांची ती पानेही परत पाठवीत आहे. खोडलेले विधान मी लेखातून काढले आहे.

आपला कृतज्ञ विद्यार्थी