हप्ता परवडतो म्हणालास, त्यावरून

प्रिय बाळा,

रविवारी तू फोन ठेवलास त्यानंतर मी दोनदा मेसेज टाइप केला आणि दोनदा पुसला. व्हॉट्सअ‍ॅपवर असलं काही लिहिलं की टोचून बोलल्यासारखंच वाटतं, म्हणून हे मोठं पत्र लिहितेय, सावकाश वाच, ऑफिसात नको वाचूस. आधी एक सांगून टाकते. "एवढं मोठं घर लागतंय कशाला तुम्हाला" हे मी बोलायला नको होतं, आणि सूनबाई शेजारी बसलेली असताना तर नकोच होतं. तिला सांग आई सॉरी म्हणतेय. नाहीतर राहू दे, मीच फोन करून सांगते.

घर घेऊ नकोस असं माझं म्हणणं नाहीच मुळी. तू गृहकर्ज मंजूर झाल्याच्या सँक्शन लेटरचा फोटो पाठवलास तेव्हा बाबांनी तो मोठा करून तुझं नाव मोठ्याने वाचलं, मग चष्मा पुसून परत वाचलं. आम्हाला दोघांना किती बरं वाटलं ते मी बोललेच नाही कारण माझी नजर खाली गेली होती, कालावधी ३६० महिने. त्यानंतर मला काही सुचेना. तू आता ३४ चा आहेस. ३४ आणि ३०.

तू म्हणालास, "आई, ईएमआय परवडतोय ना आम्हाला, मग तुझा प्रॉब्लेम काय आहे?" माझा प्रॉब्लेम तोच आहे रे. हप्ता परवडतो का एवढं बघणं हे बँकेचं काम, ते पगार बघतात, हप्ता बघतात, बसतंय म्हणतात. पण ते घर शेवटी आपल्याला केवढ्याला पडलं हे आपलं आपणच मांडून बघायचं असतं. तू एवढा शिकलेला, तू ते मांडलं असशीलच, पण मी पण मांडलं, ताईकडून एक्सेल शिकून घेतलं आणि दोन दिवस तेच करत बसले. तुझी रक्कम इथे लिहीत नाही, सोपं म्हणून ५० लाख धरते आणि व्याज साडेआठ टक्के.

२० वर्षांसाठी घेतलं तर हप्ता येतो ४३,३९१. सगळे २४० हप्ते मिळून १ कोटी ४ लाखांच्या वर जातात, म्हणजे घेतले ५० आणि व्याजच ५४. हे वाचूनच माझा हात थांबला. मग ३० वर्षांचं केलं. हप्ता झाला ३८,४४६, म्हणजे महिन्याला ५ हजारसुद्धा वाचत नाहीत, आणि व्याज गेलं ८८ लाखांवर. महिन्याचे ते ५ हजार हलके वाटावेत म्हणून ३४ लाख जास्त. मी तीन वेळा तपासलं, मला वाटलं माझंच काहीतरी चुकलं.

चुकलं नव्हतं. व्याज लागतं ते दर महिन्याला जेवढं मुद्दल बाकी आहे त्याच्यावर, आणि सुरुवातीला सगळंच बाकी असतं. पहिल्या महिन्याचं नुसतं व्याजच ३५,४१७ होतं, ते दोन्हीकडे सारखंच, २० वर्षं घ्या नाहीतर ३० घ्या. मग त्या ३८,४४६ मधून मुद्दलात किती जातात? ३,०२९. एवढा हप्ता भरून कर्ज तीन हजारांनी कमी होतं. पुढच्या महिन्यात त्यापेक्षा थोडं जास्त, त्याच्या पुढच्या महिन्यात आणखी थोडं, असं मुंगीच्या पावलांनी. १० वर्षं एकही हप्ता न चुकवता भरलेस तर तुझे ४६ लाख भरून झालेले असतील आणि बाकी दिसेल ४४ लाख. तेव्हा तू ४४ चा असशील. बघ, परत वयावर आले. नाही म्हटलं होतं मनाशी की वय काढायचं नाही.

हे मला आकड्यांतून कळलं असं नाही. मला ते वहीतून कळलंय.

ती लाल कापडी पाठीची वही तुला आठवत असेल, कपाटात वरच्या खणात असायची आणि तू तिच्यात मागून चित्रं काढलीस म्हणून मार खाल्लास. आपल्या घराचे हप्ते त्यात आहेत. एका पानावर २४ ओळी, म्हणजे एका पानात दोन वर्षं, तारीख, रक्कम, माझी सही. बाबा पगार आणून द्यायचे आणि हप्ता भरायला मी जायचे, मला अभिमान वाटायचा त्या कामाचा. आमचा व्याजाचा दर होता १३ टक्के, तेव्हा तसेच होते. ७ वर्षं झाली, साडेतीन पानं भरली, ८४ सह्या, तेव्हा मला वाटलं आता तिसरा हिस्सा तरी फिटला असेल, म्हणून मी काउंटरवर विचारलं की बाकी किती आहे ते लिहून द्या. त्या माणसाने चिठ्ठीवर आकडा लिहून सरकवला. मी म्हटलं, हा दुसऱ्या कोणाचा असेल. तो म्हणाला, तुमचाच आहे बाई. घेतलेल्या दर १०० मागे ८८ अजून बाकी होते. मी ती चिठ्ठी पर्समध्ये ठेवली आणि बाहेर पायरीवर बसले, उन्हातच, किती वेळ ते माहीत नाही. तुझ्या शाळेतून तुला आणायचं होतं तेही लक्षात राहिलं नाही, तू शिपाईकाकांजवळ थांबला होतास.

बाबांना मी ती चिठ्ठी दाखवली नाही. पुढे कितीतरी वर्षं दाखवली नाही.

त्याच वर्षी तुझी सहल होती. तू घरी येऊन म्हणालास मला जायचंच नाही, मला बसमध्ये मळमळतं. तुला कधी बसमध्ये मळमळलं नाही. मला ते तेव्हाही कळलं होतं आणि मी गप्प बसले कारण त्या महिन्यात खरंच जमत नव्हतं. हे आज कशाला काढलं तर असंच, लिहिता लिहिता आलं.

आणि बाबांचं वर्कशॉप. तुला एवढंच माहीत आहे की बाबांना मशीनची आवड होती. ते ४१ चे होते, त्यांच्या मित्राबरोबर सगळं ठरत आलं होतं, जागा बघून झाली होती, एका संध्याकाळी कागद पसरून मला समजावून सांगत होते, कोणतं मशीन कुठे बसेल, आणि मी मध्येच विचारलं, हप्त्याचं काय? एवढंच बोलले मी. त्यांनी कागदाची घडी घातली. पुढची १७ वर्षं ते त्याच नोकरीत राहिले, त्या साहेबाच्या हाताखाली, तू बघितलंयस घरी यायचे तेव्हा त्यांचा चेहरा. ते मला कधी काही बोलले नाहीत. घराचा हट्ट माझा होता बाळा. भाड्याच्या घरात माझा जीव रमत नव्हता. व्याज किती गेलं ते वहीत लिहिलेलं आहे, पण हे कुठे लिहायचं?

म्हणून मला ते ३६० महिने बघवत नाहीत. तू परवा बोलता बोलता म्हणालास की हा मॅनेजर बदलला नाही तर मी दुसरीकडे बघणार आहे. बघ ना, खुशाल बघ. पण खांद्यावर हप्ता असला की माणूस बघत नाही, थांबतो. आणि तुमचं कर्ज दोघांच्या पगारावर बसवलंय. उद्या तिला वर्षभर घरी राहावंसं वाटलं, काही कारणाने, मी कारण विचारत नाही, तर एका पगारात हप्ता जातो का हे मांडून बघितलंत का? नसेल तर बघा. हे लेक्चर नाही. बरं, आहे लेक्चर, पण एवढं ऐकून घे.

दुसरं म्हणजे तो दर. लेटरवर फ्लोटिंग लिहिलंय, म्हणजे पुढे वर-खाली होत राहणारा. फ्लोटिंग वाईट असतं असं नाही, कमी पण होतं, आणि तुझा दर कमी झाला तर मला आनंदच आहे. पण वाढला की बऱ्याचदा हप्ता तेवढाच ठेवतात आणि महिने वाढवतात, त्यामुळे आपल्याला कळतच नाही, खात्यातून तेवढेच जात असतात. त्याच ५० लाखांना, ३० वर्षांच्या हप्त्यावर, सुरुवातीलाच अर्धा टक्का वाढला तर ३६० महिन्यांचे ४९६ होतात. ४१ वर्षं. इतकं कोणी लांबवू देत नाही म्हणा, मग ते हप्ताच वाढवायला सांगतात. आणि पूर्ण एक टक्का वाढला तर त्या हप्त्यातून व्याजसुद्धा सुटत नाही, भरूनही कर्ज वाढत जातं. २० वर्षांच्या हप्त्याला तोच एक टक्का वाढला तर २४० चे ३०९ होतात, ते पण वाईटच, पण निदान संपतं तरी. म्हणून दर बदलला असा मेसेज आला की तो वाचून सोडून देऊ नकोस, माझे किती महिने झाले ते विचार, दरवर्षी विचार. मी ७ वर्षांनी विचारलं होतं.

तो इन्शुरन्स जो लोनमध्येच धरलाय त्याच्याबद्दल पण विचार. घेऊ नको म्हणत नाही, कर्ज असताना विमा हवाच, मामाचं काय झालं ते आपण बघितलंय. पण प्रीमियम कर्जात मिसळला की त्याच्यावरही व्याज लागतं, १ लाखाचा प्रीमियम २० वर्षांत २ लाख ८ हजारांना पडतो. वेगळा भरता येतो का बघ. प्रोसेसिंग फी, नोंदणी, मेंटेनन्स, दर काही वर्षांनी रंग, गळती, हे सगळं हप्त्याच्या बाहेरचं, तुला माहीत आहे ते.

ताई म्हणाली, आई तू उगाच घाबरवतेस, ३० वर्षांचं घ्यायचं आणि लवकर फेडायचं, आणि शिवाय पगार वाढतो, पैशाची किंमत उतरते, आज जड वाटणारा हप्ता १५ वर्षांनी हलका वाटतो. खरं आहे तिचं. आमचाही शेवटी शेवटी हलका झाला होता. आणि अडचणीच्या महिन्यात कमी हप्ता असलेला बरा हेही मला पटतं. पण मग तू असं कर ना, ३० चंच घे, आणि पहिल्या महिन्यापासून २० वर्षांचा हप्ता भर, वरचे ५ हजार मुद्दलात टाक, पगाराच्या दिवशीच, नाहीतर ते राहत नाहीत. मात्र जादा भरलं तर दंड नाही ना, आणि जादा भरल्यावर हप्ता कमी करत नाहीत तर महिने कमी करतात ना, हे दोन्ही लेखी घे. आणि जे काही जादा भरायचं ते सुरुवातीला भर. २० वर्षांच्या कर्जात पहिल्या वर्षाच्या शेवटी १ लाख टाकलेस तर शेवटचे ११ हप्ते गळतात. तेच १ लाख १५ वर्षांनी टाकलेस तर जेमतेम साडेतीन. हे मला कोणी तेव्हा सांगितलं असतं तर मी माझ्या बांगड्या पहिल्या वर्षी मोडल्या असत्या, बाराव्या वर्षी मोडल्या.

रागावू नकोस. एवढं लिहिलं आणि परत वाचलं तर सगळीकडे भीतीच दिसतेय, तुझं कौतुक कुठेच नाही. तू कोणाकडून एक पैसा न मागता डाउन पेमेंट जमवलंस, आमच्या दोघांच्या औषधांचं बघून जमवलंस, हे मला माहीत आहे, बाबा शेजारी सगळ्यांना सांगून आलेत. दोन खोल्यांत चार जण झोपायचो तेव्हा तू दाराजवळ झोपायचास कारण तुला लवकर उठून अभ्यास करायचा असायचा. त्या मुलाला मोठी खोली मिळू नये असं मी कशाला म्हणेन. मिळू दे. दोन मिळू देत. फक्त ६४, बाळा. नाही, लिहीत नाही आता.

सही करायच्या आधी त्यांच्याकडून महिन्यामहिन्याचा तक्ता मागून घे, हप्ता किती, त्यात व्याज किती, मुद्दल किती, बाकी किती, ते देतात. एकट्याने नको बघूस, तिच्याबरोबर बस, पहिल्या १२ ओळी आणि मधल्या १२ ओळी वाचा दोघं मिळून. मग जे ठरवाल ते. मी परत विचारणार नाही.

आणि मला पण पाठव तो तक्ता. बाबांनी कालच तसलीच वही आणून दिलीय, लाल नाही मिळाली, निळी आहे. मी तुझ्या नावाने ओळी आखायला घेतल्या, दर पानावर २४. दहा पानं आखून झालीत. पुढची पाच अजून आखली नाहीत.

तुझी,
आई