बंदरावरचा स्कॅनर

मा. संपादक,
स. न.

माझी आई तीस वर्षं हर्णै बंदरावर मासळी विकते. तिच्या टोपलीशेजारी आता स्कॅनरचा पुठ्ठा असतो, खारं पाणी लागू नये म्हणून दुधाच्या पिशवीत घातलेला. त्याने आमचं भलंच झालं. सुट्ट्या पैशांवरून परत जाणारं गिऱ्हाईक थांबू लागलं. मच्छीमारांनाही २०१८-१९ पासून किसान क्रेडिट कार्ड मिळतं. त्यासाठी आम्ही बँकेत गेलो, तेव्हा खात्यातली उलाढाल दाखवता आली. असा पुरावा आईकडे आयुष्यात पहिल्यांदाच होता.

पण गेल्या डिसेंबरात एका शनिवारी लिलावाच्या गर्दीत रेंज गेली. एकाने दोन हजारांची सुरमई घेतली, मोबाइलवरची हिरवी खूण दाखवली. आईने तुकड्या करून दिल्या. रात्री बघतो तर खात्यात एक रुपयाही नाही. आईला वाचता येत नाही. हिरवी खूण दिसली म्हणजे पैसे आले, एवढंच तिला सांगितलं होतं. पैसे आले की बोलणारा डबा आता घेतलाय, पण रेंज नसली की तोही गप्प.

पुढे महिन्याभरात एका हॉटेलवाल्याच्या नावाने फोन आला, "मावशी, ॲडव्हान्स पाठवतोय, पिन टाका." नशीब, तिने आधी मला विचारलं. पैसे घ्यायला पिन लागतच नाही, हे एक वाक्य तिला आजवर कोणी समजावलं नव्हतं. स्कॅनर देणारा माणूस पाच मिनिटांत निघून गेला होता.

३ जून २०२० च्या निसर्ग वादळानंतर आमच्याकडे कित्येक दिवस ना वीज होती, ना मोबाइल. तांदळाच्या डब्यातल्या नोटांवर घर चाललं. आई अजूनही तिथे थोडे पैसे ठेवते. मीही आता ठेवतो.

पर्यटकांना विनंती आहे, थोडी रोकड जवळ ठेवा, आणि पैसे विकणारीच्या खात्यात पडल्याशिवाय निघू नका. बँकांना सांगणं एवढंच, की जून-जुलैत मासेमारी बंद असते, बायकांना जरा सवड असते. तेव्हा बंदरावर या, त्यांचाच फोन त्यांच्या हातात देऊन शिकवा. फसवणूक झाली तर १९३० वर फोन करायचा, हेही पाठ करून घ्या. आमच्या आळीतल्या बायकांना गोळा करायचं काम माझं.

आपला,
एक वाचक
हर्णै, ता. दापोली, जि. रत्नागिरी